तुम्ही विचारलंत म्हणून: सगळं एकदमच का बदलत नाही?

"सर, तुमची सगळी नोकरी सरकारी कामात गेली. मग सांगा, सरकार हे असं तुकड्यातुकड्यानं का करतं? नीट विचार करून सगळं एकदमच का बदलत नाही?"

निवृत्तीनंतर मी स्पर्धा परीक्षेच्या मुलामुलींना शिकवतो. दरवर्षी कुणीतरी हे विचारतंच. विचारणारं पोर बहुतेकदा दुष्काळी तालुक्यातलं असतं आणि त्याच्या आवाजात राग असतो. तो राग मला परका नाही. वर्गात उत्तर अर्धवट राहतं, म्हणून आज लिहून काढतोय.

1972 च्या दुष्काळात मी आठ वर्षांचा होतो. माण तालुक्यातलं गाव. आई खडी फोडायला जायची, आम्हा पोरांना सुकडी, म्हणजे वाटपातला सुका खाऊ, मिळायची आणि घरी मिलो ज्वारीची तांबडी भाकरी. 1973 च्या उन्हाळ्यात राज्यभर दुष्काळी कामांवर जवळपास 50 लाख माणसं होती, हे मी पुष्कळ नंतर वाचलं. तेव्हा मला दिसायचे ते आईचे चिंध्या गुंडाळलेले हात. आणि तिची धास्ती: काम कधी बंद होईल, नेम नव्हता. सरकारनं काढलं तर काम, नाही काढलं तर विचारायचं कुणाला? दारात उभं राहून मागायचं ते काम होतं. ते हक्कानं मागायचं काम कसं झालं, ते सांगतो. तुमच्या प्रश्नाचं माझं उत्तर त्यातच आहे.

वि. स. पागे हे 1960 ते 1978 विधान परिषदेचे सभापती होते. 'मागेल त्याला काम' ही कल्पना त्यांची. पण सुरुवात मंत्रालयातून साऱ्या राज्याला हुकूम सोडून झाली नाही. 1965 मध्ये सांगली जिल्ह्यातल्या तासगाव तालुक्यात, विसापूरच्या परिसरात, ती आधी करून पाहिली गेली. 1972 मध्ये रोजगार हमी योजना म्हणून ती राज्यभर नेण्याचं ठरलं, आणि त्याच सुमाराला दुष्काळानं सगळंच गिळलं. दुष्काळ ओसरल्यावर प्रश्न आला पैशाचा. पुढच्या वर्षी तिजोरीत खडखडाट असेल तर हमीचं काय? म्हणून 1975 मध्ये व्यवसाय कर आला. तुमच्यापैकी जे पुण्या-मुंबईत पगारदार आहेत त्यांनी आपली पगाराची चिठ्ठी काढून बघा: अकरा महिने 200 रुपये आणि फेब्रुवारीत 300. ही कपात सुरू झाली ती रोजगार हमीसाठी. शहरातल्या पगारदारानं खेड्यातल्या मजुराच्या कामाला हातभार लावायचा आणि तेवढीच भर सरकारनं घालायची, अशी ती मांडणी होती. मला ही गोष्ट आजही फार मोठी वाटते, आणि ती शाळेत शिकवली जात नाही याचं वाईट वाटतं.

त्यानंतर कायदा. तो 1977 मध्ये विधिमंडळात मंजूर झाला आणि 26 जानेवारी 1979 पासून लागू झाला. काम देता आलं नाही तर बेकारी भत्ता, दिवसाला निदान एक रुपया. रक्कम किरकोळ होती, पण 'काम दिलं नाही तर सरकार देणं लागतं' हे वाक्य कायद्यात आलं.

विसापूर ते कायदा, चौदा वर्षं लागली. ही चौदा वर्षं कुणाच्या पोटावर गेली ते मला माहीत आहे, आई त्यातलीच. तरीही मी म्हणतो की 1965 मध्येच हा कायदा साऱ्या राज्याला लावला असता तर तो टिकला नसता. गाठीशी काय होतं? किती माणसं येतील, कुठल्या महिन्यात येतील, एवढ्या हातांना पुरतील अशी कामं तालुक्यात आहेत का, मोजमाप कोण घेणार, मजुरी कुठून द्यायची, यातलं काहीच टेबलापाशी बसून कळण्यासारखं नव्हतं. ते कळलं मजूर कामावर आल्यावर. मग एकेक अडचण उघडी पडत गेली आणि तिच्यापुरता एकेक उपाय होत गेला.

चार्ल्स लिंडब्लॉम या अमेरिकन अभ्यासकानं 1959 मध्ये नेमकं हेच मांडलं होतं. सगळी उद्दिष्टं ठरवून, सगळे पर्याय तपासून, मग सर्वोत्तम तो निवडायचा, ही मुळापासूनची पद्धत कागदावर छान दिसते. प्रत्यक्षात सरकारं आज जिथे उभी आहेत तिथून जवळचं पाऊल टाकतात, काय होतं ते पाहतात आणि पुढचं टाकतात. अभ्यासक्रमात याला वृद्धिवाद म्हणतात. शब्द जड आहे. आमच्याकडे शेतकरी याला 'वाफसा बघून पेरणं' म्हणेल, म्हणजे जमिनीत पेरण्याजोगी ओल आहे का ते बघून पेरणं.

एक गैरसमज मात्र काढायला हवा. हे सगळं सांगितलं की वर्गातून कुणीतरी म्हणतं, "म्हणजे थेंबे थेंबे तळे साचे." नाही. मी तळी बांधली आहेत. नुसत्या थेंबांनी तळं साचत नाही, त्याला बांध लागतो, सांडवा लागतो, आणि सगळ्यात आधी वरचा डोंगर सांभाळावा लागतो. पाणलोटाच्या कामात 'माथा ते पायथा' म्हणतात ते यासाठी. आधी माथ्यावर समतल चर, म्हणजे उताराला आडवे खणलेले चर, मग उतारावर दगडी बांध, मग नालाबांध, आणि शेवटी खाली तळं. नोकरीच्या तिसऱ्या वर्षी माझ्याकडे एका पाझर तलावाचं, म्हणजे पाणी जमिनीत मुरवून विहिरींना देणाऱ्या तलावाचं, काम आलं. मजुरांची मागणी होती, तलावाला मंजुरी होती, माथ्यावरच्या कामांना नव्हती. मी जोर लावला असता तर कदाचित मिळालीही असती. मी लावला नाही, तलाव उरकला. पाच पावसाळ्यांत तो माथ्यावरून वाहून आलेल्या गाळानं अर्धा भरला. ज्या बायांनी दोन उन्हाळे डोक्यावरून माती वाहिली त्यांच्या विहिरींना त्याचं पाणी फार थोडं लाभलं. ही सल अजून गेलेली नाही.

तेव्हापासून पाऊल लहान की मोठं हे मी विचारत नाही. त्या पावलामुळे पुढच्या पावलाची वाट मोकळी होते का, आणि उद्या ते कुणाला सहज मागे घेता येईल का, एवढं पाहतो. सरकारं कितीतरी लहान पावलं निव्वळ वेळ काढायला टाकतात. समिती नेमायची, अहवाल मागवायचा, एका तालुक्यात प्रयोग करायचा आणि विसरायचं. त्याला मी पाऊल म्हणणार नाही. व्यवसाय कर हे खरं पाऊल होतं, कारण त्यानं हमीच्या खाली पैशाचा पाया घातला.

आणि काही ठिकाणी तर 'हळूहळू' हा शब्द उच्चारणंच अन्याय आहे. 1923 मध्ये मुंबई विधिमंडळात सी. के. बोले यांचा ठराव मंजूर झाला: सार्वजनिक पाणवठे अस्पृश्य मानलेल्यांना खुले करा. 1924 मध्ये महाड नगरपालिकेनं चवदार तळं खुलं केल्याचा ठराव केला. कागदोपत्री दोन पावलं पडली होती, आणि तरी तळ्यावर पाणी भरायची कुणाची छाती होत नव्हती. 20 मार्च 1927 ला बाबासाहेब आंबेडकर हजारो माणसांसह तळ्यावर गेले आणि ओंजळीनं पाणी प्यायले. त्यानंतरही मारहाण झाली, खटला झाला, उच्च न्यायालयाचा निकाल लागायला 1937 उजाडलं. पाणी पिण्याचा हक्क आज चार आणे आणि पुढच्या वर्षी आठ आणे असा देता येत नाही. मैला वाहून नेण्याच्या प्रथेचंही तेच. 1993 मध्ये बंदीचा कायदा झाला, तो पुरला नाही म्हणून 2013 मध्ये दुसरा, आणि अजून माणसं गटारात उतरून मरतात. इथे तुमचा राग शंभर टक्के बरोबर आहे आणि तो कमी होऊ देऊ नका. काम कसं पुरवायचं हे करून बघत शिकावं लागतं. माणसाला माणूस मानण्यात करून बघण्यासारखं काही नसतं.

विसापूरची गोष्ट पुढे देशभर गेली. 2005 मध्ये संसदेनं ग्रामीण रोजगार हमीचा कायदा केला. तोही एकदम सगळीकडे आला नाही: फेब्रुवारी 2006 मध्ये 200 जिल्हे, 2007 मध्ये आणखी 130, एप्रिल 2008 पासून उरलेले. महाराष्ट्राच्या कायद्यात दिवसांची मर्यादा नव्हती, केंद्राच्या कायद्यात कुटुंबामागे वर्षाला 100 दिवस आले. म्हणजे पसरताना हमी आकसलीही. हे मला तेव्हा खटकलं होतं, अजून खटकतं. पण एक गोष्ट तिथे नेमकी लिहिली गेली. कामाची मागणी केल्यापासून 15 दिवसांत काम द्यायचं, नाही दिलं तर बेकारी भत्ता; आणि मागणीच्या अर्जाला तारीख घातलेली पोच द्यायची.

या पोचेबद्दल सांगून थांबतो, कारण मी पाहिलेलं सगळ्यात लहान पाऊल तेच. निवृत्तीच्या थोडं आधी एका गावात सतरा बाया अर्ज घेऊन आल्या होत्या. तिथल्या कारभाऱ्यानं अर्ज ठेवून घेतले आणि म्हणाला, "जावा, काम निघालं की निरोप धाडतो." पोच द्यायला तो तयार नव्हता, आणि का ते सगळ्यांना कळत होतं. तारीख नाही तर 15 दिवस मोजायचे कुठून, आणि भत्ता मागायचा कशाच्या जोरावर? त्यांच्यात एक सत्तरीची आजी होती. तिनं लुगड्याचा सोगा खोचला आणि ओट्यावर बसली. "तारीख घाल, बाबा. मग उठते." बाकीच्याही बसल्या. मी नियम दाखवला, पण खरं सांगायचं तर माझ्या सांगण्यापेक्षा त्यांच्या बसण्याचाच भार जास्त पडला. अडीच तासांनी सतरा पोचा लिहून झाल्या, प्रत्येकीवर सही, शिक्का, तारीख. आजीला वाचता येत नव्हतं. तिनं कागद माझ्यापुढे धरला, तारखेवर बोट ठेवायला लावलं, आणि घडी घालून कमरेच्या पिशवीत ठेवला. बाराव्या दिवशी काम निघालं.