बटाट्याचे काप धुऊ नका

बटाट्याचं ग्रातँ, म्हणजे दूध-क्रीममध्ये शिजवून ओव्हनमध्ये भाजलेले बटाट्याचे थर. म्हणायला हे तोंडीलावणं, पण आमच्याकडे मुख्य पदार्थ बाजूलाच राहतो आणि आधी याचा फडशा पडतो.

किलोभर बटाटे सोलून साधारण 3 मिलिमीटर जाडीचे काप करायचे. कापल्यावर ते अजिबात धुवायचे नाहीत! बटाट्यातला स्टार्चच तर दूध दाट करतो. तो पाण्याबरोबर गेला की काप वेगळे, दूध वेगळं. मी 300 मिली दूध आणि तेवढंच क्रीम तापवते, त्यात मीठ, मिरपूड, चिमूटभर किसलेलं जायफळ घालते आणि काप त्यातच मंद आचेवर आठ-दहा मिनिटं शिजवते. चमचा बुडवून वर काढला आणि त्यावर पातळसा थर चिकटून राहिला की गॅस बंद. मिठाला हात आखडता घेऊ नका, बटाटा मीठ खातो.

भांड्याला लसणाची पाकळी चोळायची, लोणी लावायचं, सगळं ओतायचं, वर किसलेलं चीज. मग ओव्हनमध्ये 180 अंश सेल्सिअसवर पाऊण तास.

फ्रान्सच्या दोफिने भागातल्या पारंपरिक ग्रातँमध्ये खरं तर चीज नसतंच. नसू दे. कडेला चिकटलेली ती तांबूस, खरपूस खरवड चीजशिवाय कुठून येणार? ती मी कुणाला देतही नाही.

बाहेर काढल्यावर मात्र पंधरा मिनिटं कळ काढा. लगेच सुरी घातली तर सगळं वाहून जातं. जरा निवलं की चौकोनी तुकडे थरांसकट अलगद सुटतात.