घोडबंदरच्या ट्रॅफिकची कृपा

आज घोडबंदरचं ट्रॅफिक बघून घरी जायचा विचारच सोडला आणि सरळ आपल्या मराठी ग्रंथ संग्रहालयात शिरलो. १८९३ पासूनची संस्था, ठाणेकरांपैकी कितीजण आत गेलेत देव जाणे. काय घ्यायचं ठरलं नव्हतं, हाताला लागेल ते चाळायला बसलो आणि बसलोच.

गोडसे भटजींचं 'माझा प्रवास' घ्या. पेणजवळच्या वरसईचा भिक्षुक दक्षिणा मिळवायला उत्तरेत जातो काय आणि सापडतो थेट १८५७ च्या धामधुमीत, झाशीचा वेढा आतून बघतो! मग बाबा पदमनजींचं 'यमुनापर्यटन', मराठीतली पहिली कादंबरी म्हणतात, विषय विधवांचे हाल आणि छापलीय कधी तर १८५७ लाच. म्हणजे तिकडे तोफा चालू आणि इकडे एकजण केशवपनावर लिहितोय, हे जाम भारी वाटलं मला. इतिहासाच्या तासाला कोणी हे असं जोडून सांगितलंच नाही यार.

फादर स्टीफन्सचं 'ख्रिस्तपुराण' पण चाळलं, माणूस इंग्रज, ओव्या मराठी, तेही १६१६ सालच्या. थोडं जड जातं, पण मोठ्याने वाचलं की लय सापडते (लायब्ररीत मोठ्याने वाचू नये, मान्य).

घरी आणली ती 'यमुना'च. बायको म्हणाली, परत पुस्तक? म्हटलं लायब्ररीचं आहे गं, कपाटात जागा नाही मागत.