टेकू नका, काका

गोरज मुहूर्ताचं लग्न. पत्रिकेवर ६ वाजून ४८ मिनिटं छापलेलं, म्हणजे अक्षता साडेसातच्या आत पडत नाहीत हे सगळ्यांनाच ठाऊक. तरी आम्ही सहाला लॉनवर हजर. बायको नवरीच्या खोलीत शिरली ती शिरलीच, आणि मी केशरी सरबताचा कागदी पेला हातात धरून उभा राहिलो. गेटपासून स्टेजपर्यंत लाल गालिचा, त्याच्या दोन्ही अंगांना चार-चार पांढरे खांब, प्रत्येकाच्या डोक्यावर शेवंतीचा गोळा. पाय दुखायला लागले तसा मी जवळच्या खांबाला पाठ लावायला गेलो. तेवढ्यात डेकोरेटरचा पोरगा धावत आला.

"टेकू नका, काका! पडंल त्यो."

आता खांबालाही टेकायचं नाही म्हटल्यावर माणसानं जायचं कुठे? आजोळच्या ओसरीवरचे सागवानी खांब माझ्या डोळ्यांपुढे आले. माणसांच्या पाठी लागून लागून त्यांना खांद्याच्या उंचीवर काळी चकाकी चढली होती. ते छप्पर धरून होते हे मला फार उशिरा कळलं. आजोबांना टेकायला कुणी तरी हवं म्हणून ते उभे आहेत, अशीच माझी समजूत होती.

या पांढऱ्या खांबावर मी टिचकी मारली. रिकाम्या टबासारखा आवाज आला.

"फायबर आहे. रोमन पिलर म्हणतात याला," पोरानं माहिती पुरवली.

मला अर्धवट ज्ञान पाजळायची खोड आहे. शेजारच्या खुर्चीवर एक निवृत्त गृहस्थ बसले होते, त्यांना मी म्हणालो, "रोमन कसला, मूळचा ग्रीक आहे. कोरिंथियन."

"भाड्याचा आहे," ते म्हणाले.

यापुढे बोलायला जागा नव्हती. पण साडेसात वाजायला बराच वेळ होता, आणि खांब समोर होता.

ग्रीकांचे खांब ओळखायचे ते डोक्यावरून. डोरिक खांबाचं डोकं अगदी साधं: चुंबळ आणि चुंबळीवर पाट. डोक्यावरून ओझं नेणाऱ्या माणसाला जे लागतं तेवढंच. पायात काही नाही, थेट फरशीवर उभा. आयोनिक खांबाच्या डोक्याला दोन्हीकडे गुंडाळ्या असतात, अर्धवट गुंडाळून ठेवलेल्या सतरंजीसारख्या. आणि कोरिंथियनच्या डोक्यावर पानांचा भरगच्च गुच्छ. डोक्यावरून फक्त नाव कळतं. बाकी जाडी, उंची, अंगावरच्या पन्हळी, वरच्या तुळईचा पट्टा हे सगळं एकमेकांच्या मापात बांधलेलं असतं, आणि त्या आख्ख्या बेताला 'ऑर्डर' म्हणतात. एकाचं डोकं दुसऱ्याच्या धडावर बसवलं तर जाणकारांना ते धोतरावर टाय लावल्यासारखं दिसतं.

ही मापं आली कुठून? सम्राट ऑगस्टसच्या काळात व्हिट्रुव्हियस नावाच्या रोमन वास्तुविशारदानं दहा भागांचा एक ग्रंथ लिहून त्यालाच अर्पण केला. त्याच्या चौथ्या भागात तो सांगतो, की पुरुषाचं पाऊल त्याच्या उंचीच्या एक षष्ठांश भरलं, म्हणून डोरिक खांब बुडाच्या जाडीच्या सहापट उंच झाला. पुढे स्त्रीच्या बांध्यावरून आयोनिक खांब केला, तो आठपट. डोक्याच्या गुंडाळ्या म्हणजे कानांवर रुळणाऱ्या बटा, अंगावरच्या पन्हळी म्हणजे वस्त्राच्या चुण्या. पुढच्या पिढ्यांची नजर सडपातळ झाली आणि सहाचे सात, आठाचे नऊ झाले, हेही तोच सांगतो. हे वाचलं त्या रात्री मी फूटपट्टी घेऊन स्वतःचं पाऊल मोजलं. पाऊल २५ सेंटिमीटर, उंची १६८. भागाकार पावणेसातच्या आसपास. म्हणजे मी डोरिकपेक्षा सडपातळ! घरात हा निष्कर्ष कुणीही मान्य केला नाही. भागाकारात पोट धरलेलं नाही, असा आक्षेप आला.

गंमत अशी, की अथेन्सच्या पार्थेनॉनचे खांब या हिशेबात बसत नाहीत. इ.स.पू. ४४७ मध्ये काम सुरू झालेल्या या देवळाचे खांब सुमारे साडेदहा मीटर उंच आणि बुडाशी जवळजवळ दोन मीटर जाड, म्हणजे साडेपाचपटच. इक्टिनोस आणि कॅलिक्राटेस यांनी ते बांधलं तेव्हा व्हिट्रुव्हियसच्या जन्माला शतकं होती, त्यामुळे त्यांना कुणी बोललं नसावं. आणि त्यांचा कारभार कुठल्याही कोष्टकापेक्षा नाजूक आहे. या देवळात सरळ रेषा शोधायला गेलात तर हात हलवत परत याल. जोत्याची लांब बाजू मधोमध सुमारे अकरा सेंटिमीटर फुगीर आहे. खांब आतल्या अंगाला किंचित कललेले. कोपऱ्यातले खांब इतरांहून जरा जाड, कारण त्यांच्यामागे मोकळं आकाश येतं आणि उजेडात ते बारीक भासतील. शिवाय प्रत्येक खांब वर निमुळता होताना मध्ये थोडासा फुगतो. का, यावर अनेक मतं आहेत. ओझं उचलताना माणसाचा दंड फुगतो ना, तसाच तो फुगला असावा असं मला आपलं वाटतं. फायबरच्या खांबात हा फुगवटा नव्हता. त्याला उचलायचंच काय होतं?

पण डोरिक देवळातली माझी सर्वांत आवडती गोष्ट खांबात नाही, खांबाच्या वर आहे. तिथल्या पट्ट्यात थोड्या थोड्या अंतरावर तीन उभ्या दांड्यांचे ठोकळे येतात आणि प्रत्येक ठोकळ्याखाली सहा बारीक दगडी गुटके लोंबतात. व्हिट्रुव्हियस म्हणतो, पूर्वी देवळं लाकडाची होती तेव्हा तुळयांची डोकी तिथे बाहेर यायची, ती झाकायला फळ्या मारायचे. ठोकळे म्हणजे त्या फळ्यांची आठवण. गुटक्यांना तो थेंब म्हणतो. पुष्कळांना मात्र त्या सुताराच्या खुंट्या वाटतात, आणि मीही त्यांच्याच बाजूचा. अभ्यासकांचं या लाकडी वंशावळीवर पूर्ण एकमत नाही. पण दगडात कोरलेली, काहीही धरून न ठेवणारी खुंटी ही कल्पनाच मला इतकी भावते की मी तिच्यावर विश्वास ठेवून मोकळा झालो आहे. सुतार गेला, लाकूड गेलं, आणि पाथरवटानं खुंट्या मात्र मोजून सहाच्या सहा ठेवल्या.

ऑलिंपियाला हेरा देवीचं देऊळ आहे. आज ऑलिंपिकची ज्योत पेटवतात ती याच भग्न देवळासमोर. इ.स.पू. ६०० च्या सुमाराचं. त्याचे खांब मुळात लाकडी होते आणि जो जो कुजला त्याच्या जागी दगडी बसवत गेले, असं मानतात. त्यामुळे एकही खांब दुसऱ्यासारखा नाही. कुणी जाड, कुणी बारीक; कुणी अखंड, कुणी तुकड्यांचा. चुंबळीसुद्धा वेगवेगळ्या, ज्या त्या काळच्या पद्धतीच्या. सगळे एकदम बदलून टाकावेत असं शतकानुशतकं कुणाच्या मनात आलं नाही, किंवा कुणाच्या बजेटात बसलं नाही. पॉसेनियस हा प्रवासी इ.स.च्या दुसऱ्या शतकात तिथे गेला, तेव्हा मागच्या दालनात एक खांब अजून ओकच्या लाकडाचा होता. सातशे वर्षांनी! दगडी भावंडांत उभा असलेला तो म्हातारा मला फार जवळचा वाटतो. त्याला टेकलेलं चाललं असतं.

रोमनांनी हे खांब उचलले आणि मामला बदलला. त्यांच्याकडे कमान होती, काँक्रीट होतं. छप्पर पेलायला दर वेळी खांबांच्या रांगेची गरज उरली नव्हती. पण खांबाशिवाय इमारतीला वजन येईना. इ.स. ८० मध्ये खुल्या झालेल्या कलोसियमकडे पाहा. एका मजल्यावर ८० कमानी, असे तीन मजले, आणि दोन कमानींच्या मध्ये भिंतीला चिकटलेला अर्धा खांब. तळाला डोरिकचा रोमन चुलतभाऊ टस्कन, त्यावर आयोनिक, त्यावर कोरिंथियन. दहीहंडीचे थर लागतात तसे: खाली थोराड, वर हलके. फरक इतकाच, की इथे भार मुख्यतः कमानी आणि त्यांच्यामागचे भक्कम पाये वाहतात. अर्धे खांब आपले अंगात जर्सी घालून उभे. फायबरच्या खांबाला हसताना हे आठवलं आणि मी जरा वरमलो. नुसता दिसायला उभा राहणारा खांब रोमच्या ऐन मध्यात एकोणीसशेहून जास्त वर्षं उभा आहे आणि त्याला बघायला लोक तिकीट काढतात.

पुढे पंधराव्या-सोळाव्या शतकात इटलीतल्या मंडळींनी पडक्या रोममध्ये फिरून मापं घेतली आणि पाच ऑर्डरींची पाढ्यांसारखी पुस्तकं छापली. १५६२ मधलं विन्योलाचं पुस्तक तर जणू खांबांची बाराखडीच. तीच बाराखडी गिरवून इंग्रज जिथे गेले तिथे खांब उभे करत गेले. मुंबईचा टाऊन हॉल त्यातलाच, एशियाटिकचं ग्रंथालय आहे तो. कर्नल थॉमस काउपरनं आराखडा केला, १८३३ मध्ये पुरा झाला, ३० पायऱ्या चढून गेलं की समोर डोरिक खांबांची रांग. फोर्टात काम असलं की मी तिथे हटकून जातो. त्या खांबांना टेकलं तरी कुणी धावत येत नाही.

लॉनवरचा खांब मात्र कोरिंथियन होता, आणि कोरिंथियनची जन्मकथा मला सारखी ओठांवर येत होती. ती मी गिळली, कारण मंगल प्रसंगी बोलण्यासारखी ती नाही. व्हिट्रुव्हियसच सांगतो. कोरिंथ शहरात लग्नाच्या वयात आलेली एक मुलगी आजारी पडून वारली. तिला सांभाळणाऱ्या दाईनं तिच्या आवडीच्या लहानसहान वस्तू गोळा केल्या, एका टोपलीत भरल्या, टोपली थडग्यावर नेऊन ठेवली आणि उघड्यावर त्या खराब होऊ नयेत म्हणून वर एक कौल झाकलं. टोपली नेमकी अकँथस नावाच्या झाडाच्या मुळावर ठेवली गेली. वसंतात झाड फुटलं. पानं टोपलीच्या अंगाअंगानं वर चढली आणि कौलाच्या कोपऱ्यांना अडून बाहेर वळली. कॅलिमाकस नावाचा शिल्पी तिथून जाताना थबकला, आणि त्या रूपावरून त्यानं खांबाचं डोकं घडवलं.

खरं-खोटं सोडा. शिल्प अभ्यासणारे दुसरी कारणं देतील. पण कौल झाकणारी ती दाई कुणी नुसती रचली असेल असं मला वाटत नाही. मेलेल्या पोरीच्या वस्तू भिजू नयेत ही काळजी कुणीतरी पाहिलेली असणार. आणि अकँथस काही आपल्याला अगदीच परका नाही. अडुळसा, कोरांटी, सह्याद्रीच्या उतारांवरची कारवी ही सगळी त्याच कुळातली. कोकणच्या खाड्यांत कांदळवनाच्या काठाला काटेरी पानांची, जांभळट फुलांची मारांडी असते, ती तर अकँथसची सख्खी बहीण. तिच्या झुडपात कधी चप्पल अडकली असेल तर त्या पानाची धार तुम्हाला ठाऊक आहे. ग्रीकांचं ते अकँथसचं झाड मोठं चिवट. उपटलं तरी मुळाचा तुकडा मातीत राहिला की पुन्हा फुटतं. थडग्यावर फुटलं ते उगाच नाही.

साडेसात वाजून गेले. अंतरपाट धरला, मंगलाष्टकं झाली, अक्षता पडल्या. नवरा-नवरी त्या आठ खांबांमधून चालत गेली, तेव्हा ड्रोन वरून घोंघावत होता आणि निवृत्त गृहस्थ मला म्हणाले, "चला, पंगत नाहीये, बुफे आहे, उशीर केला तर जिलेबी संपेल." त्यांचं म्हणणं अनुभवाचं निघालं.

निघायला अकरा झाले. बायको आहेराच्या पिशव्या सांभाळत गाडीपाशी गेली आणि मी चावी शोधत गालिच्यावरून परत आलो. गालिचा अर्धा गुंडाळून झाला होता. पोरं खांब उतरवत होती. धड वेगळं, डोकं वेगळं. धडं एकेकजण खांद्यावर टाकून टेम्पोकडे नेत होता. मघाचा पोरगा एका खांबाच्या डोक्याशी उकिडवा बसला होता. ते त्यानं उलटं करून गवतावर ठेवलं होतं, पानं खाली, पोकळ बाजू वर. त्यात त्यानं पकड, तारेचं भेंडोळं, मोबाईलचा चार्जर आणि बुफेतून बांधून घेतलेली जिलेबीची पुडी ठेवली. दव पडायला लागलं होतं. इकडेतिकडे पाहून त्यानं एक थर्माकोलची ताटली उचलली आणि वरून झाकली.