तुम्ही विचारलंत म्हणून: मिलिगनच्या विनोदात नगर किती?

मी नगरचा आहे आणि आकाशवाणीसाठी काही प्रहसने लिहिली आहेत, एवढ्यावरून मला एक प्रश्न वारंवार विचारला जातो: बीबीसी रेडिओवरची ‘द गून शो’ ही विनोदी मालिका लिहिणारा स्पाइक मिलिगन आमच्या गावी जन्मला, तर त्याच्या विनोदात नगरचे काय आहे?

जवळजवळ काहीच नाही, असे मी सांगतो आणि विचारणाऱ्याचा हिरमोड होतो. त्याचे आयरिश वडील ब्रिटिश तोफखान्यात नोकरीला होते, म्हणून 16 एप्रिल 1918 रोजी तो येथे जन्मला. बालपण पुण्यात आणि पुढे रंगूनला गेले आणि 1930 च्या दशकाच्या आरंभी हे कुटुंब लंडनला परतले. पुण्याच्या कॉन्व्हेंटमध्ये नाताळच्या नाटकात आपण विदूषक झालो होतो, असे तो सांगत असे. तेव्हा त्याच्या विनोदात जे उतरले ते गाव नव्हे, छावणी. हुद्द्यांची उतरंड, साहेबाचा पोकळ रुबाब आणि त्या रुबाबाखाली दडलेला भित्रेपणा हे सारे त्याने लहानपणी पाहिले आणि दुसऱ्या महायुद्धात तोफखान्यातला साधा शिपाई म्हणून पुन्हा भोगले.

हिंदुस्थानात नोकरी केलेला लाचखाऊ, पळपुटा मेजर ब्लडनॉक हे मालिकेतले पात्र या मुशीतूनच आले. त्याला आवाज अभिनेता पीटर सेलर्सचा होता; पण त्याच्या बिघडलेल्या पोटाचा आवाजही लोकप्रिय झाला आणि तो घडवण्यासाठी बीबीसीच्या ध्वनिकार्यशाळेला चांगलेच डोके लढवावे लागले. लालकाका आणि बॅनर्जी ही हिंदी पात्रेही मालिकेत आहेत. त्यांचे हेल आज ऐकताना मला अवघडल्यासारखे होते. साहेबाची टिंगल मात्र अजून तितकीच धारदार वाटते.

माझ्या मते मिलिगनचे खरे कर्तृत्व वेगळेच आहे. मे 1951 मध्ये ही मालिका सुरू झाली तेव्हा रेडिओवरच्या विनोदात दार वाजणे, खडीवर पावले उमटणे, असे आवाज पुरत असत. मिलिगनने ध्वनीलाच विनोदाचे पात्र केले. 1955 सालच्या एका भागात हॅरी सीकोम या नटाने रंगवलेल्या सीगून या पात्राला एक पियानो एका खोलीतून दुसऱ्या खोलीत हलवण्यासाठी पाच पौंड देऊ केले जातात. मागाहून कळते की पियानो नेपोलियनचा आहे, पहिली खोली पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात आहे आणि दुसरी इंग्लंडमध्ये. मग ही मंडळी त्या पियानोवरच बसून इंग्लिश खाडी पार करतात. रंगमंचावर हे दाखवायचे तर नेपथ्यकाराचे दिवाळे निघेल. रेडिओवर लाटांचा आवाज आणि दोन वाक्ये पुरतात, कारण उरलेला पियानो श्रोताच स्वतःच्या डोक्यात तरंगवतो. मनाजोगा आवाज मिळावा म्हणून मिलिगनने उपाहारगृहातून कस्टर्ड मागवून ते स्वतःच्या मोज्यात ओतले आणि तो मोजा फळीवर आपटून पाहिला, ही कथा प्रसिद्धच आहे.

प्रत्येक आठवड्याला अर्ध्या तासाची नवी संहिता पुरवण्याचा हा व्यवसाय माणसाला पिळून काढतो. लॅरी स्टीव्हन्स आणि पुढे एरिक साइक्स यांचे साहाय्य असले, तरी लेखनाचा मुख्य भार मिलिगनवरच असे. शिवाय एक्लिससारखी पात्रेही तोच रंगवी. 1952 च्या अखेरीस तो मानसिकदृष्ट्या कोलमडला आणि त्याला रुग्णालयात दाखल करावे लागले. पुढे आयुष्यभर हा आजार त्याची पाठ सोडणार नव्हता. त्याविषयी तो उघडपणे बोलला, हे मला त्याच्या विनोदाइतकेच मोलाचे वाटते. वेड आणि प्रतिभा यांची सांगड घालून या आजाराचे कौतुक करणाऱ्यांशी मात्र माझे जमत नाही; तो बरा असता तर कमी हसवले असते, असे मानायला काही आधार नाही. जानेवारी 1960 मध्ये मालिका संपली आणि 1969 पासून त्याने दूरचित्रवाणीवर तोच स्वैरपणा नव्या रूपात आणला.

नगरने त्याच्या आयुष्यात हात घातला तो कागदोपत्री. जन्म हिंदुस्थानातला आणि वडील आयर्लंडचे, त्यामुळे साठच्या दशकाच्या आरंभी, ज्या देशासाठी तो लढून जखमी झाला होता त्या ब्रिटनचा पासपोर्ट मिळण्यात अडचण उभी राहिली. निष्ठेची शपथ घ्यायला नकार देऊन त्याने आयरिश नागरिकत्व पत्करले. त्यामुळेच 2001 साली मिळालेली नाइट ही पदवी मानद ठरली आणि नावापुढे ‘सर’ लावण्याचा हक्क त्याला मिळाला नाही. लष्करी साहेबांची आयुष्यभर चेष्टा केलेल्या माणसाला ते फारसे जड गेले असेल, असे मला वाटत नाही.