फडताळात अंथरलेली कॅलेंडरं

विक्रोळीच्या कन्नमवार नगरातल्या एका स्वयंपाकघरात मी सहा वर्षं दर तीन महिन्यांनी औषध मारत होतो. वर्षाचं कॉन्ट्रॅक्ट, चार फेऱ्या, मध्ये तक्रार आली तर एक फेरी फुकट. तक्रार दर वेळी यायचीच. काकू ओट्यावरची भांडी पलंगावर नेऊन जुन्या चादरीखाली झाकायच्या, मी पंप मारायचो, आणि वास जाईपर्यंत त्या दोन तास खालच्या देवळात बसून राहायच्या. झुरळं म्हटलं की परत येणारच, हे त्यांनीही धरलं होतं आणि मीही.

गेल्या वर्षी उन्हाळ्यात त्यांचा फोन आला. "भाऊ, या. पण पंप आणू नका."

पाच वर्षांच्या नातवाला आदल्या रात्री दोनदा वाफेचं मशीन लावावं लागलं होतं. डॉक्टरांनी पहिलाच प्रश्न विचारला होता, घरात झुरळं आहेत का. झुरळांची विष्ठा, त्यांनी टाकलेली कात, मेलेल्यांचे तुकडे हे सगळं धुळीत मिसळतं आणि दमा असलेल्या मुलांचा त्रास त्यानं वाढतो. म्हैसूरच्या सीएफटीआरआय या केंद्रीय अन्न तंत्रज्ञान संशोधन संस्थेतल्या प्रशिक्षणात हे मी वहीत उतरवून घेतलं होतं. पण काकूंचं पुढचं वाक्य कुठल्याच वहीत नव्हतं. "झुरळांनी दम लागतो, तुमच्या औषधाच्या वासानं ढास लागते. मग मी पोराला ठेवू कुठे?"

त्या दिवशीची बाकी दोन कामं मी पुढे ढकलली. टॉर्च, आरसा, स्क्रू-ड्रायव्हर, चिकट सापळ्यांचं पाकीट आणि जेलच्या दोन ट्यूब घेतल्या, सोबतच्या मुलाला उठवलं आणि सकाळी आठला काकूंच्या दारात उभा राहिलो. "आज मला सगळं रिकामं करून द्या," म्हटलं. सहा वर्षांत हे मी पहिल्यांदा म्हणत होतो.

भिंतीतलं फडताळ आधी घेतलं. डबे उतरवले. डब्यांखाली कालनिर्णयची जुनी पानं अंथरलेली होती, आपल्याकडे बहुतेक घरांत असतात तशी. पान उचललं की खाली काळी मिरी भरडून सांडावी तसे ठिपके. ही झुरळांची विष्ठा. जिथे ती दाट, तिथे त्यांची वस्ती. मी पानं गुंडाळून पिशवीत टाकायला लागलो, तेव्हा सोबतचा मुलगा म्हणाला, "दादा, यावर तुमचं नाव आहे."

फेब्रुवारीचं पान होतं. पाच तारखेच्या चौकटीत लाल पेननं "पेस्टवाले भाऊ". दूध, गॅसचा नंबर, कामवालीचा खाडा या सगळ्या नोंदींच्या गर्दीत ती एक. दुसऱ्या कप्प्यात त्याच वर्षाचा मार्च सापडला. अठ्ठावीस तारखेला पेन्सिलीनं "परत दिसली".

आम्ही सगळे कप्पे उपसले. एकवीस पानं निघाली. ती बाहेरच्या खोलीत फरशीवर वर्षवार, महिनावार मांडली. सगळे महिने नव्हते, पण लाल आणि पेन्सिल अशा तीन जोड्या पुऱ्या मिळाल्या. पाच फेब्रुवारीला औषध, अठ्ठावीस मार्चला परत. वीस जूनला औषध, अकरा ऑगस्टला परत. बारा ऑक्टोबरला औषध, सहा डिसेंबरला परत. ५१ दिवस, ५२ दिवस, ५५ दिवस. मी उकिडवा बसून ते आकडे दोनदा मोजले. काकू शेजारी उभ्या होत्या. त्यांना वाटलं कागद उचलायचे राहिलेत. मला मात्र माझ्या सहा वर्षांच्या कामाचा हिशेब समोर दिसत होता, आणि तो माझ्याकडून नव्हे, त्यांच्याकडून लिहिला गेला होता.

त्या आकड्यांचा अर्थ असा. स्वयंपाकघरातलं हे छोटं, तपकिरी, मानेवर दोन काळ्या रेघा असलेलं झुरळ म्हणजे जर्मन झुरळ. (काकूंनी विचारलं, "जर्मन? इथे कुठून आलं?" नाव तसं पडलं, पण २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासानं त्याचं मूळ भारत-म्यानमारच्या पट्ट्यात दाखवलं आहे.) याची मादी अंड्यांची कुपी पोटाला चिकटवून तीनेक आठवडे वागवते आणि पिल्लं निघायच्या जरा आधी टाकते. एका कुपीत तीस-चाळीस पिल्लं. कुपीचं कवच टणक, फवारा आत पोचत नाही. म्हणजे मी आयांना मारून जात होतो आणि कुपी मागे राहत होत्या. पिल्लं निघायची, मुंबईच्या उकाड्यात भराभर वाढायची आणि सात-आठ आठवड्यांनी काकूंच्या पेन्सिलीत उतरायची.

दुसरी गोष्ट याहून वाईट. आम्ही मारतो ती बरीच औषधं झुरळांना झोंबतात, म्हणून ती मरण्याआधी लांब पळतात. ओट्याखालची फटीत जातात, फटीतली पाइपाकडे, पाइपाकडची शेजारच्या घरात. गिऱ्हाइकाला वाटतं घर साफ झालं. वास जितका उग्र तितकं औषध भारी, अशी समजूत तर अजून आहे. डायक्लोरव्हॉससारखं जहाल औषध भारतात २०२० अखेर पूर्ण बंद झालं, तरी "पहिल्यासारखा वास येत नाही हो" अशी तक्रार मी आजही ऐकतो.

पण ती येतात कुठून, हे अजून कळलं नव्हतं. फडताळातले ठिपके एका दिशेनं दाट होत गेले होते, वर, मोरीच्या कोपऱ्याकडे. मोरीच्या डोक्यावर माळा होता.

"माळा नको," काकू लगेच म्हणाल्या. हे त्या दर वेळी म्हणायच्या आणि मी दर वेळी ऐकायचो. माळ्यावर मिक्सरचे, टीव्हीचे, कुकरचे पुठ्ठ्याचे खोके होते, भंगारवाल्यासाठी साठवलेल्या दुधाच्या पिशव्या होत्या आणि सगळ्यात मागे काकांनी त्यांच्या शेवटच्या गणपतीत स्वतः केलेलं थर्माकोलचं मखर. त्याला कुणी हात लावलेला त्यांना चालत नव्हता. मी म्हटलं, "मखर मी स्वतः उतरवतो. मोडणार नाही. पण त्याच्या मागे काय आहे ते मला बघू द्या." त्या थोडा वेळ काहीच बोलल्या नाहीत. मग नातवाला घेऊन बाहेरच्या खोलीत गेल्या आणि तिथून म्हणाल्या, "बघा."

खोके उतरवताना पुठ्ठ्याच्या पन्हाळीतून पिल्लं सांडत होती. पुठ्ठा हे त्यांचं आवडतं घर, आतल्या नळ्या त्यांच्या अंगाच्या मापाच्या असतात. दुधाच्या पिशव्या न धुता दाबून ठेवलेल्या, तो त्यांचा शिधा. मखर मी दोन्ही हातांनी उचलून मुलाकडे दिलं आणि टॉर्च मागच्या भिंतीवर मारला.

वरच्या मजल्याच्या मोरीचा नहाणी ट्रॅप, म्हणजे मोरीचं सांडपाणी पाइपात सोडणारा जोड, तिथे लटकत होता. जुन्या इमारतींत असाच असतो, वरच्याचा ट्रॅप खालच्याच्या छताखाली. बिडाच्या पाइपाभोवती स्लॅबला पडलेलं भोक कधी भरलंच नव्हतं, तीन बोटं आत जातील एवढी फट. जोडातून थेंब पडत होता. मी घड्याळ लावून मोजलं, मिनिटाला चार. त्या थेंबाखाली भिंत ओली, आणि ओल्या भिंतीवर झुरळं इतकी दाटीनं बसलेली की प्लास्टर दिसत नव्हतं. वीस वर्षांच्या कामात एका जागी इतकी मी पाहिली नव्हती. टॉर्च पडताच सगळा थर हलला आणि फटीतून वर गेला.

हे झुरळ खाण्याशिवाय महिनाभर काढतं. पाण्याशिवाय मात्र दोन आठवडे काढणंही त्याला जड जातं. मी सहा वर्षं खाली विष टाकत होतो आणि वरून त्यांना रोज पाणी मिळत होतं.

"काकू, वरून गळतंय ते तुम्हाला माहीत होतं?"

माहीत होतं. आठ वर्षांपूर्वी त्यावरून वरच्यांशी भांडण झालं होतं. दुरुस्तीचा खर्च कुणी द्यायचा हे ठरलं नाही, सोसायटीत अर्ज झाले, मग बोलणं बंद. मुंबईत गळतीचं भांडण नसलेली इमारत शोधावी लागेल. काकू आणि वरच्या ताई एकाच जिन्यानं उतरायच्या, एकमेकींकडे न बघता.

मी वर गेलो. वरच्या ताईंनी दार अर्धं उघडलं. "आमच्याकडे झुरळं नाहीत," म्हणाल्या. या धंद्यात हे वाक्य रोजचं आहे, माणसाला त्यात लाज वाटते. मी वाद घातला नाही. फक्त म्हटलं, "दोन मिनिटं खाली येऊन एक गोष्ट बघा. मग तुम्ही सांगाल तसं." त्या आल्या. काकू ओट्याशी उभ्या, दोघी गप्प. ताई स्टुलावर चढल्या, मी टॉर्च धरला. खाली उतरल्या तेव्हा त्यांचा चेहरा उतरला होता. त्यांची नजर बाहेरच्या खोलीतल्या मशीनवर गेली. "बाळाला लावता?" त्यांनी विचारलं. काकूंनी मान हलवली. पैशांचं त्या दिवशी कुणी काढलं नाही. प्लंबरला फोन ताईंनीच केला.

दुपारी जिन्यात बरीच माणसं जमली. तळमजल्यावरचे एक गृहस्थ म्हणाले, गव्हाच्या कोठीत ठेवतात त्या गोळ्या ठेवून खोली एक रात्र बंद करा, सगळं साफ. मी आवाज चढवून नाही म्हणालो. अॅल्युमिनियम फॉस्फाइडची गोळी हवेतल्या ओलाव्यानं विषारी वायू सोडते. तो वायू याच फटींतून शेजारी झोपलेल्याच्या घरात जातो, आणि अशानं माणसं मेलेली आहेत. घरात ती वापरायचीच नसते. ते गृहस्थ रागावले, पण तिथे मी सौम्य बोलणार नव्हतो.

नंतरचं काम कंटाळवाणं आणि खरं. त्या मोरीच्या उभ्या ओळीत चार मजल्यांची चार स्वयंपाकघरं, भिंतीपलीकडची चार, अशी आठ घरं. प्रत्येकात रात्री ओट्याखाली, फ्रिजमागे आणि मोरीच्या कोपऱ्यात चिकट सापळे लावले. सकाळी "आमच्याकडे नाहीत" म्हणणाऱ्या घरांपैकी सहांत झुरळं चिकटलेली होती. सापळा दाखवला की बोलावं लागत नाही. आठही घरांनी एकाच आठवड्यात काम करून घ्यायला होकार दिला. एक घर जरी राहिलं असतं तरी मी सुरुवात केली नसती.

प्लंबरनं ट्रॅपचा जोड बदलला. सगळ्या पाइपांभोवतीची भोकं सिमेंटनं बुजवली, बारीक फटींना एम-सील. मोऱ्यांना घट्ट बसणाऱ्या जाळ्या. मग जेल, मोहरीपेक्षा जरा मोठे ठिपके, पण पुष्कळ जागी, बिजागऱ्यांत, ट्रॉलीच्या पट्ट्यांखाली, फ्रिजच्या मोटरीजवळ, स्विचबोर्डाच्या कडेला. झुरळ ते खाऊन आपल्या बिळात मरतं, त्याची विष्ठा पिल्लं खातात आणि तीही मरतात. जिथे फवारा जात नाही तिथे विष ती स्वतःच नेतात. वास नाही, भांडी झाकायला नकोत. अट एकच, त्यावर कुणी फवारा किंवा झुरळं मारायचा खडू मारायचा नाही, नाहीतर झुरळं जेलला तोंड लावत नाहीत. तळमजल्याच्या एका घरी पोळ्यांच्या ऑर्डरी असतात. तिथल्या वहिनींनी हौसेनं दुसऱ्याच दिवशी ओट्याच्या कडेनं खडूच्या रेघा ओढल्या, आणि मला ते सगळं पुसून पुन्हा करावं लागलं.

काकूंना मी सांगितलं ते एवढंच. रात्री झोपताना सिंक कोरडं पुसायचं. फ्रिजमागचा पाण्याचा ट्रे आठवड्याला रिकामा करायचा. दुधाच्या पिशव्या धुऊन, वाळवून ठेवायच्या. नवीन वस्तू आली की खोका त्याच दिवशी घराबाहेर. मखर आम्ही ब्रशनं साफ करून मोठ्या प्लास्टिकच्या पिशवीत बंद केलं. आता ते कपाटावर असतं, भिंतीपासून लांब.

तीन आठवड्यांनी आणि सहा आठवड्यांनी जाऊन जेल पुन्हा लावलं, कारण राहिलेल्या कुपी तोवर फुटणारच होत्या. सापळ्यांवरचा आकडा आठ घरांत मिळून पहिल्या रात्री १८७ होता. सहा आठवड्यांनी ११, त्यातली बहुतेक पिल्लं. तिसऱ्या महिन्यात शून्य. कॉन्ट्रॅक्ट मी बदललं. आता वर्षात दोन फेऱ्या, त्याही बघण्यासाठी. कमी पैसे मिळतात. आठ घरांचे मिळून मात्र पूर्वीपेक्षा फार कमी नाहीत.

नातवाचा दमा पूर्ण गेला असं नाही. मशीन महिन्यातून एखाद्या वेळी लागतं, असं काकू म्हणाल्या.

पावसाळा संपल्यावर बघायला गेलो. काकूंनी भिंतीवरचं कॅलेंडर काढून माझ्या हातात दिलं. जून, जुलै, ऑगस्ट, तिन्ही पानांवर पेन्सिल नव्हती. सप्टेंबरच्या एका चौकटीत मात्र होती: "एक. मोठं, लाल. मोरीतून."

"हे आपलं नाही ना भाऊ? आपलं बारीक असतं, रेघांचं."

हे गटारातलं, मोठ्या जातीचं. मी मोरीपाशी वाकून बघितलं. जाळी धुवायला काढून कोपऱ्यात उभी करून ठेवलेली होती. ती जागेवर दाबून बसवली. वरच्या ताई चहाची किटली घेऊन दारात उभ्या होत्या.