तात्यांचं नाणं मी कापलं

आमचा धंदा गलाईचा. विटा-आटपाडी भागातल्या घराघरातला कोण ना कोण बाहेरच्या राज्यात सोनं-चांदी गाळायला गेलेला असतो, तसे माझे आजोबा कोइमतूरला आले आणि आता भट्टीपुढं मी बसतो. लोकांना वाटतं आम्ही दिवसभर सोन्यात लोळतो, पण निम्मा दिवस सोनारांच्या दुकानातला केर आणि कानशीचा चूर साफ करण्यात जातो. चुरात लोखंडाचे कण असतात, ते आधी लोहचुंबक फिरवून काढायचे, मग सवागी म्हणजे टाकणखार टाकून मुशीत गाळायचं. हे लोहचुंबकाचं मुद्दाम सांगतोय, पुढं त्याचंच दुखणं आहे.

दिवाळीच्या आधी गावाकडचे एक तात्या दुकानात आले, न कळवता, गाड्या बदलत बदलत. सत्तरीचे, माळकरी, वडिलांचे दोस्त. चहा झाल्यावर शटर अर्धं ओढायला लावलं आणि कोपरीच्या आतल्या खिशातून फडक्यात बांधलेलं एक नाणं काढलं. रुपयापेक्षा मोठं, जाड, एका बाजूला हनुमान, दुसरीकडं ईस्ट इंडिया कंपनी आणि 1818. बघताक्षणी पोटात गोळा आला. कंपनीनं हनुमानाचं नाणं कधी पाडलंच नाही, ही असली नाणी बाजारात ढिगानं मिळतात.

"राईस पुलर हाय," तात्या हळूच म्हणाले. "वीज पडल्याली. आत इरिडियम झालंय. नासावाले घेत्यात." राईस पुलर म्हणजे तांदूळ ओढणारं नाणं, आणि इरिडियम हा एक महागडा धातू.

बरोबर बटरपेपरची पुडी होती, त्यात तांदूळ, आणि ह्याच तांदळानं बघायचं असं सौदा जुळवणाऱ्या 'सायबांनी' बजावलेलं. त्यांनी काउंटरवर दाणे पसरले आणि नाणं जवळ नेलं. दाणे सरकले, दोन-तीन तर टुणकन उडून चिकटले. खरं सांगतो, मला सगळं माहीत असूनही अंगावर काटा आला.

टेस्टिंगची फी, लॅबवाल्याचं भाडं, रेडिएशनचा सूट, असं करत तात्यांचे तीन हप्त्यांत 3 लाख 80 हजार गेले होते. 2018 साली दिल्ली पोलिसांनी एका बाप-लेकाला ह्याच धंद्यात पकडलं होतं, तिथंही नासाचं नाव आणि सूटच. म्हणजे एवढं पेपरात येऊनही तेच नाटक गावोगाव चालू आहे, आणि फसलेला माणूस चौकीत गेला की त्यालाच आधी हसतात, म्हणून कोण जात नाही. आता ते 'सायब' शेवटचे दोन लाख मागत होते. तात्या ते माझ्याकडं मागायला आले होते. "तू बग, खात्री कर, आन् दे. तुलाबी हिस्सा." डाळिंबाची बाग तेल्यानं गेलेली, पोराच्या डोक्यावर सोसायटीचं कर्ज. "पंढरीत परिसा भागवताकडं परीस हुताच की," म्हणाले. त्या गोष्टीत नामदेवांनी तो परीस चंद्रभागेत टाकला हे तात्यांना माझ्यापेक्षा चांगलं माहीत, पण मी काय बोललो नाही.

इरिडियमशी आमचं जुनं वैर आहे. सोनं 1064 डिग्रीला वितळतं आणि इरिडियम 2446 ला, म्हणजे सोन्याचं पाणी झालं तरी हे तसंच दाणेदार राहतं, तळाला बसतं. कुणी भेसळ केली असेल तर दागिन्याला कानस लावताना टोच लागते, पॉलिशला ठिपके उठतात, तेजाबात टाकलं तरी विरघळत नाही. दिसायला चांदीसारखं पांढरं आणि लोहचुंबकाला चिकटत नाही. तांदूळबिंदूळ काही ओढत नाही.

धातू तपासायच्या मशीनमध्ये नाणं ठेवलं. मिनिटभरात आकडे आले, तांबं आणि जस्त, म्हणजे सरळ पितळ. इरिडियम शून्य. तात्यांना स्क्रीन दाखवली. ते म्हणाले, "ही वरचं वाचतंय. ताकद आत हाय."

आणि इथं मी अडकलो, कारण ते बरोबर बोलत होते. ही मशीन वरचा पातळ थरच वाचते, हे मी स्वतः रोज गिऱ्हाइकाला सांगतो. नवीन पोरं बटण दाबून टंच, म्हणजे शुद्धता, लिहून देतात त्याचा मला राग आहे, मुलामा जाड असला की मशीन फसते. खरा टंच काढायचा तर कापायचं, शिशात गुंडाळून भट्टीत घालायचं, तेजाबात उकळायचं आणि उरलेलं तोलायचं. तेच डोक्यात बसलेलं. मी म्हणालो, तात्या, आमच्यात कापल्याशिवाय खरं कळत नाही.

"कापलं की ताकद जाती म्हणत्यात."

मी ऐकलं नाही, समजूत घालत राहिलो. बराच वेळ गळ्यातली माळ चाचपत बसले, मग म्हणाले, "काप."

छन्नीचा दुसरा घाव बसला आणि नाण्याच्या दोन वाट्या झाल्या. आत काळी चकती, तिचे चार तुकडे होऊन छन्नीला चिकटले. मी मोठ्यानं म्हणालो, हा बघा लोहचुंबक! तात्या तुकड्यांकडं बघत राहिले. मग त्यातला एक उचलून दाण्यांजवळ नेला. दाणे चिकटले. त्यांचा आवाजच फुटेना. "आरं, ह्योच इरिडियम. फोडलास की रं."

मी बोलत सुटलो, पितळ, चुंबक, भेसळ, डिग्री, सगळं. त्यांनी तुकडे रुमालात गोळा केले आणि निघाले. जेवले नाहीत. मी बसस्टँडपर्यंत मागं गेलो, तिकिटाचे पैसेही घेतले नाहीत.

संध्याकाळी केर काढताना काट्याखाली पाच-सहा दाणे सापडले. ड्रॉवर उघडला, चुरातलं लोखंड काढायचा आपला रोजचा लोहचुंबक जवळ नेला. दाणे टपाटप येऊन चिकटले. नखानं खरवडले तर काळपट भुकटी निघाली, लोखंडाची. वर जाऊन बायकोकडून घरचे तांदूळ आणले, त्यातला एकही दाणा हलला नाही.

एवढंच करायचं होतं. नाणं बाजूला ठेवून, माझा लोहचुंबक आणि त्यांचा तांदूळ, माझा तांदूळ आणि त्यांचं नाणं. ड्रॉवर हाताच्या अंतरावर होता. तांदळाकडं मी धड बघितलंच नाही, कारण माझं काम धातूचं.

फोन केले, तात्या घेत नाहीत. मुलगा बोलला आठवड्यानं. दोन लाख दिले नाहीत म्हणाला, तेवढं तरी झालं. मग जरा थांबून म्हणाला, "दादा, तात्या गावात सांगत्यात की आतलं इरिडियम तुमी ठेवून घेतलं." आमच्या धंद्यात पावतीवर लाखाचं सोनं ठेवून जातात लोक, तीन पिढ्यांत असला शब्द कुणी काढला नव्हता. त्या रात्री झोप नाही लागली.

दाणे त्यांच्याच बटरपेपरात बांधून ठेवलेत, वर लोहचुंबक. यात्रेला गावी जाणार आहे. तात्या दारात उभं करतील का माहीत नाही. नाही केलं तर ओट्यावर बसेन, आणि तांदूळ त्यांच्याच घरातला मागेन.