सर्वतोभद्रातलं एक अडेल घर

चित्रबंध, म्हणजे आकृतीत अक्षरं बसवून रचलेला श्लोक, म्हटलं की बहुतेकांना कमळ आठवतं: पाकळ्यांत भरलेली अक्षरं आणि मधल्या कर्णिकेत सगळ्यांना सामाईक असलेलं एक अक्षर. दिसायला देखणं, पण रचायला त्या मानाने सोपं. कवीची खरी दमछाक होते ती सर्वतोभद्रात, म्हणजे चारही बाजूंनी सारखाच वाचता येणाऱ्या श्लोकात. संस्कृत कवी भारवीने 'किरातार्जुनीया'च्या १५व्या सर्गात रचलेला हा श्लोक पाहा:

देवाकानिनि कावादे
वाहिकास्वस्वकाहि वा ।
काकारेभभरे काका
निस्वभव्यव्यभस्वनि ॥

८ x ८ चा पट आखा. वरच्या चार ओळींत हे चार चरण, एका घरात एक अक्षर, आणि खालच्या चार ओळींत तेच चरण उलट क्रमाने, म्हणजे चौथा, तिसरा, दुसरा, पहिला. आता डावीकडून, उजवीकडून, वरून किंवा खालून कसंही वाचा, तोच श्लोक निघतो.

६४ घरं भरलेली दिसतात, पण कवीच्या हातात तेवढी नसतात. प्रत्येक चरण उलटसुलट सारखा असल्यामुळे त्याची पहिली चारच अक्षरं ठरवायची, म्हणजे उरली १६ घरं. तो चौकोन असा:

दे वा का नि
वा हि का स्व
का का रे भ
नि स्व भ व्य

कर्णावर घडी घातली तर दोन्ही बाजू जुळतात. तेव्हा खरी मोकळी घरं १०, बाकी ५४ आपोआप भरतात. इथवरचं काम कुणीही अर्ध्या तासात करेल. घोडं अडतं ते वृत्तापाशी.

अनुष्टुभात, म्हणजे आठ अक्षरी चरणांच्या या वृत्तात, पाचवं अक्षर लघू, सहावं गुरू. सातवं पहिल्या-तिसऱ्या चरणांत गुरू, दुसऱ्या-चौथ्यांत लघू. इथे पाचवं म्हणजेच चौथं, सहावं म्हणजेच तिसरं आणि सातवं म्हणजेच दुसरं. म्हणून छोट्या चौकोनाचा तिसरा स्तंभ सगळा गुरू, चौथा सगळा लघू, दुसरा वरून खाली गुरू-लघू-गुरू-लघू. पहिला स्तंभ मोकळा. आता कर्णापलीकडच्या जोड्या तपासा. दुसऱ्या ओळीतलं तिसरं आणि तिसऱ्या ओळीतलं दुसरं, दोन्ही गुरू, ठीक. दुसऱ्यातलं चौथं आणि चौथ्यातलं दुसरं, दोन्ही लघू, तेही ठीक. पण तिसऱ्या ओळीतलं चौथं लघू हवं आणि त्याचंच प्रतिबिंब असलेलं चौथ्या ओळीतलं तिसरं गुरू हवं. अक्षर मात्र एकच. सगळ्या पटात अडणारी जोडी ही एवढीच.

भारवीने तिथे 'भ' ठेवला. तिसऱ्या चरणात पाचव्या जागी त्याच्यापुढे 'रे' येतो, म्हणून तो लघूच राहतो. चौथ्या चरणात सहाव्या जागी त्याच्यापुढे 'स्व' हे जोडाक्षर येतं आणि तोच 'भ' गुरू होतो. 'शिशुपालवधा'च्या १९व्या सर्गात माघ वेगळी वाट काढतो:

सकारनानारकास-
कायसाददसायका ।
रसाहवावाहसार-
नादवाददवादना ॥

त्याने त्या जागी सरळ गुरू 'वा' घातला आणि विषम चरण र-विपुला या अनुष्टुभाच्याच प्रकारात नेले, म्हणजे पाचवं-सहावं-सातवं गुरू-लघू-गुरू. माघाची वाट जास्त मोकळी, भारवीची जास्त चलाख. अर्थाच्या बाबतीत दोघांचीही ओढाताण होते, टीकाग्रंथ उघडल्याशिवाय चालत नाही.

मराठीत करून पाहणाऱ्याने भारवीची युक्ती जपून वापरावी. 'भस्म', 'सत्य' अशा शब्दांत जोडाक्षराचा आघात मागच्या अक्षरावर पडतो, पण 'तुझ्या', 'कुऱ्हाड' यांत पडत नाही. 'तु' आणि 'कु' लघूच राहतात. म्हणून 'स्व'च्या घरात तत्सम शब्दातलंच जोडाक्षर हवं. माघाच्या वाटेने गेलात तर ही अडचण येत नाही.

तुरगबंध म्हणजे घोड्याच्या चालीने वाचायचा चित्रबंध. त्याचा पट अर्धा, ४ x ८. वेदान्तदेशिकांच्या १००८ श्लोकांच्या 'पादुकासहस्रा'त एक श्लोक ओळीने मांडायचा आणि बुद्धिबळातल्या घोड्याच्या अडीच घरांच्या चालीने वाचायचा. दुसराच श्लोक मिळतो. पहिला असा:

स्थिरागसां सदाराध्या
विहताकततामता ।
सत्पादुके सरासा मा
रंगराजपदन्नय ॥

पहिल्या घरातून निघा: 'स्थि', मग दुसऱ्या ओळीतला तिसरा 'ता', पहिल्यातला पाचवा 'स', दुसऱ्यातला सातवा 'म', चौथ्यातला शेवटचा 'य', तिसऱ्यातला सहावा 'रा', चौथ्यातला चौथा 'ज', तिसऱ्यातला दुसरा 'त्पा'. 'स्थितासमयराजत्पा', एक चरण झाला.

यात हमखास होणारी चूक शेवटच्या ओळीत आहे. 'पदन्नय' सोडवून 'पदं नय' लिहिलं की घरांत 'द', 'न्न' ऐवजी 'दं', 'न' बसतात. घोड्याला पुढे 'सन्नतादा' हवं असतं, आणि मिळतं 'सनतादा'. संधी फोडली की बंधही फुटतो.

काव्यशास्त्रकार रुद्रटाचा तुरगबंध याच चालीचा, पण तिथे घोड्याने फिरूनही पुन्हा तोच श्लोक येतो. त्यात 'से', 'ना', 'ली', 'ले' एवढीच अक्षरं. 'ले' एकदाच येतो, ओळीने मोजल्यास २१व्या घरात, आणि घोडाही तिथे बरोबर २१व्या अक्षरालाच पोचतो. 'से' पहिल्याच घरात. अशा न हलणाऱ्या जागा आधी शोधाव्यात. एकदाच येणारं अक्षर दुसरीकडे कुठे ठेवताच येत नाही.

संगणकावर तपासायचं तर मजकूर सरळ उलटवू नका, मात्रा आणि अक्षरं वेगळी होतात. काही प्रणाली 'त्पा'चेही 'त्' आणि 'पा' असे तुकडे करतात. एका घरात एक अक्षर हातानेच भरावं, मग घरांची अदलाबदल करावी. चौकटीच्या वहीवर पेन्सिलीने हे काम लवकर होतं.